ऑर्डर हातात आहे, पेन्शन कुठंय?

बाबांच्या कपाटात एक निळी प्लास्टिकची फाइल आहे. सगळ्यात वर हयातीच्या दाखल्याची झेरॉक्स, त्याखाली पीपीओ (पेन्शन मंजुरीचा आदेश), आणि त्याखाली हायकोर्टाच्या ऑर्डरची सर्टिफाइड कॉपी, मार्च २०१९ ची. ही कॉपी इतक्यांदा उघडली गेलीये की घडीवर फाटायला आलीये, आईने मागून सेलोटेप लावलाय. ऑर्डर आमच्या बाजूने लागली त्या दिवशी आईने शिरा केला होता आणि आम्हाला सगळ्यांना खरंच वाटलं होतं की आता झालं, आता फक्त पैसे खात्यात यायचे बाकी आहेत.

केस जिंकल्यावर पुढे काय होतं हे मला तेव्हा माहीत नव्हतं. आज माहितीये, आणि ते लिहून ठेवावं असं बरेच दिवस मनात आहे, कारण बाबांच्या बरोबरीचे चार-पाच जण मला फोन करून हेच विचारतात. मी वकील नाही, बँकेत नोकरी करते, पण गेली काही वर्षं बाबांबरोबर कोर्टाच्या बाहेरच्या बाकावर इतके तास काढलेत की काही गोष्टी अनुभवाने कळल्या आणि काही वकिलांना विचारून, निकाल वाचून.

आधी आमची गोष्ट थोडक्यात. बाबा अनुदानित माध्यमिक शाळेत शिक्षक, गणित आणि विज्ञान. ३१ मे २०१४ ला रिटायर झाले. पेन्शन केस तयार करताना सेवापुस्तक पडताळणीला गेलं आणि तिथे कुणाच्या तरी लक्षात आलं की वीस-बावीस वर्षांपूर्वी वरिष्ठ वेतनश्रेणी देताना वेतननिश्चिती चुकली होती, म्हणजे बाबांना दरमहा थोडे जास्त पैसे मिळत गेले. चूक ऑफिसची. बाबांनी काही लपवलेलं नाही, कुठे खोटी सही नाही. पण ग्रॅच्युइटीतून ३ लाख १८ हजार कापून घेतले, एका पत्राने. दुसरी भानगड अशी की त्यांची पहिली चार वर्षांची नोकरी दुसऱ्या संस्थेच्या शाळेत झाली होती आणि मध्ये काही महिन्यांचा खंड होता, म्हणून ती चार वर्षं पेन्शनसाठी धरलीच नाहीत.

कुठलं ऑफिस, कुठला जिल्हा ते मी लिहीत नाही. तिथली माणसं दोन-तीनदा बदललीत आणि मला कुणा एकाचा हिशोब चुकता करायचा नाहीये.

वसुलीच्या बाबतीत कायदा तसा स्पष्ट आहे. १८ डिसेंबर २०१४ ला सुप्रीम कोर्टाने स्टेट ऑफ पंजाब विरुद्ध रफिक मसीह या केसमध्ये सांगितलं की वर्ग ३ आणि ४ चे कर्मचारी, रिटायर झालेले किंवा वर्षभरात होणारे, आणि ज्यांना चुकीचा पगार पाच वर्षांपेक्षा जास्त काळ दिला गेला असे लोक, यांच्याकडून वसुली करता येणार नाही. बाबा तिन्हीत बसतात. ऑफिसचं म्हणणं होतं की वेतन आयोगाच्या वेळी बाबांनी हमीपत्र दिलंय, जास्त रक्कम दिली गेली तर परत करीन असं, आणि २०१६ च्या जगदेव सिंग निकालात अशा हमीपत्राला महत्त्व दिलंय. आता ते हमीपत्र प्रत्येक शिक्षकाकडून छापील फॉर्मवर घेतात, सही केली नाही तर वेतननिश्चितीच होत नाही, आणि आमच्या केसमध्ये ते वरिष्ठ श्रेणीच्या वेळचं नव्हतंच. २०१६ मध्ये हायकोर्टात रिट याचिका टाकली, २०१९ च्या मार्चमध्ये निकाल आला. कापलेली रक्कम १२ आठवड्यांत ६ टक्के व्याजाने परत करा, आणि आधीच्या चार वर्षांच्या सेवेबद्दल अर्जदाराच्या निवेदनावर ८ आठवड्यांत निर्णय घ्या.

ही दोन वाक्यं नीट वाचा. 'परत करा' आणि 'निर्णय घ्या'. आम्हाला तेव्हा दोन्ही सारखीच वाटली होती.

१२ आठवडे संपले जूनमध्ये. बाबा ऑफिसात गेले. सर्टिफाइड कॉपी दिली, आवक क्रमांक घेतला (हे बाबांनी आपल्या मनाने केलं आणि पुढे त्याचा फार उपयोग झाला). तिथले क्लार्क बाबांच्या विद्यार्थ्याचे मोठे भाऊ. ते म्हणाले सर, वरती मार्गदर्शन मागवलंय, दिवाळीनंतर या. दिवाळीनंतर म्हणाले तरतूद नाहीये सर, मार्चमध्ये बघू. बाबांचा स्वभाव असा की समोरचा नीट बोलला की यांना वाटतं काम होणार. कोर्टात जायला ते तयारच नव्हते, म्हणायचे साहेब चांगले आहेत, उगाच अवमानाची केस (म्हणजे कोर्टाची ऑर्डर पाळली नाही म्हणून) टाकून त्यांना अडचणीत कशाला आणायचं.

इथे मी हट्ट केला आणि तो बरोबर होता असं आज वाटतं. कारण कंटेम्प्ट ऑफ कोर्ट्स ॲक्ट, १९७१ चं कलम २० असं सांगतं की अवमान झाल्यापासून एक वर्षाच्या आत कारवाई सुरू झाली पाहिजे. २००१ च्या पल्लव शेठ निकालात सुप्रीम कोर्टाने हे सोपं केलं, म्हणजे वर्षाच्या आत याचिका दाखल झाली असेल तर पुढे कोर्टाला कितीही वेळ लागला तरी अडचण नाही. पण वर्षाच्या आत दाखल झाली पाहिजे. ऑर्डरमधली मुदत संपली की घड्याळ सुरू होतं आणि ऑफिसातला माणूस तुम्हाला गोड बोलून दिवाळी, मार्च, बदल्या, अधिवेशन असं करत करत ते वर्ष सहज काढून देतो, बऱ्याचदा मुद्दाम नाही, त्याच्याकडे खरोखरच पॉवर नसते. बाबांचे एक मित्र असेच दोन वर्षं थांबले. त्यांना कुणीतरी सांगितलं होतं की पैसे रोज थकतायत म्हणजे अवमान रोज होतोय, त्यामुळे मुदतीचा प्रश्न नाही. तसं सरसकट चालत नाही. जुलै २०२४ मध्ये एस. तिरुपती राव प्रकरणात सुप्रीम कोर्टाने यावर बरंच सविस्तर लिहिलंय, की चुकीचे परिणाम चालू राहणं वेगळं आणि चूकच रोज नव्याने होत राहणं वेगळं. बाबांच्या त्या मित्राची केस मुदत उलटली म्हणून गेली. ऑर्डर त्यांच्याही हातात होती.

आम्ही जानेवारी २०२० मध्ये अवमान याचिका टाकली. मग कोरोना. ते दीड-पावणेदोन वर्ष मी कुणाच्या माथी मारत नाही.

नोटीस निघाली २०२१ मध्ये. त्यानंतर जे सुरू झालं त्याला कोर्टातले लोक 'तारीख' म्हणतात, पण तारीख हा शब्द खूप छोटा आहे त्यासाठी. आदल्या रात्री बोर्ड, म्हणजे दुसऱ्या दिवशीच्या केसेसची यादी, येतं, त्यात आपला नंबर बघायचा, १२४. रात्रीच्या गाडीने जायचं, सकाळी अंघोळ कुठेतरी लॉजवर, बाबा पांढरा शर्ट घालणार, बीपीची गोळी खिशात. साडेचारला कोर्ट उठतं आणि बोर्ड ८० पर्यंत पोचलेलं असतं. मग पुन्हा वकिलांनी प्रेसिपी (लेखी विनंतीची चिठ्ठी) द्यायची, सर्क्युलेशन मागायचं, म्हणजे केस बोर्डावर घ्या म्हणायचं, पुढची तारीख मिळायची. ज्या दिवशी नंबर येतो त्या दिवशी सरकारी वकील उभे राहून सांगतात की इन्स्ट्रक्शन घ्यायला दोन आठवडे द्या. दोन आठवड्यांनी सांगतात अधिकारी बदललेत, नवीन साहेब मागच्या महिन्यात हजर झालेत. जज वैतागतात, ते दिसतं, एकदा तर जजसाहेबांनी बाबांकडे बघून विचारलं तुमचं वय काय, बाबा उभे राहिले आणि म्हणाले पासष्ट. पण त्या कोर्टात त्या दिवशी शंभरच्या वर मॅटर होते आणि प्रत्येकात कुणीतरी पासष्टचं, सत्तरचं. मार्च २०२५ मध्ये कायदा मंत्र्यांनी संसदेत जे आकडे दिले त्यानुसार देशातल्या हायकोर्टांमध्ये १ लाख ४३ हजारांच्या वर अवमानाची प्रकरणं पडून होती. हे वाचलं तेव्हा माझ्या डोळ्यासमोर आकडा आलाच नाही, तो बाहेरचा बाक आला.

बदलीचा मुद्दा थोडा खोलात सांगते कारण तिथेच सगळं अडतं. सिव्हिल अवमान म्हणजे कलम २(ब) प्रमाणे जाणूनबुजून केलेली आज्ञाभंगाची कृती. जाणूनबुजून कुणी, तर माणसाने, खुर्चीने नाही. म्हणजे ज्या साहेबांच्या काळात मुदत संपली ते आता दुसऱ्या जिल्ह्यात, ते म्हणणार माझ्याकडे आता चार्ज नाही. नवीन साहेब म्हणणार मला माहीतच नव्हतं, मी फाइल मागवली आहे. दोघंही खरं बोलतायत. आणि दोघांच्या खऱ्यामध्ये बाबांचे ३ लाख १८ हजार अडकलेत. आमच्या वकिलांनी दोघांनाही नावाने पार्टी केलं होतं, नवीन साहेबांना ऑर्डरची कॉपी वेगळी पाठवली, पोच घेतली, म्हणून पुढचं सहा महिन्यांत हललं. नाहीतर पदनामाने केस टाकून लोक वर्षानुवर्षं बसतात.

बरं शिक्षा काय, तर कलम १२ प्रमाणे जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा २,००० रुपये दंड किंवा दोन्ही. १९७१ मध्ये २,००० रुपये बरीच रक्कम असेल. आज बाबांच्या एका तारखेचा खर्च त्याहून जास्त होतो, दोघांचं तिकीट, लॉज, रिक्षा. आणि अधिकाऱ्याने माफी मागितली की शिक्षा माफ होऊ शकते, कायद्यातच तसं आहे. मला कुणाला जेलमध्ये बघायचं नाहीये. बाबांना तर अजिबातच नाही. आम्हाला पैसे हवेत, आणि अवमानाच्या केसमध्ये पैसे मिळवून देणं हे कोर्टाचं मूळ कामच धरलेलं नाही, हे समजायला मला फार वेळ लागला. ती केस कोर्ट आणि अधिकारी यांच्यातली मानतात. तुम्ही फक्त कोर्टाला कळवणारे. म्हणून तर अपीलही तसंच, कलम १९ खाली शिक्षा झालेल्या अधिकाऱ्याला अपील आहे, पण तुमची अवमान याचिका बंद केली तर तुम्हाला त्या कलमाखाली अपील नाही, २००६ च्या मिदनापूर पीपल्स को-ऑप बँकेच्या निकालात हे नीट मांडलंय. तुम्हाला थेट सुप्रीम कोर्टाचा दरवाजा वाजवायचा. तालुक्यातला रिटायर मास्तर दिल्लीला जाणार आहे का!

नोव्हेंबर २०२२ मध्ये मुद्दल आलं. ३ लाख १८ हजार, पैसे आल्याचा बँकेचा मेसेज आईच्या फोनवर आला कारण बाबांचा नंबर लिंक नव्हता. व्याज नाही. व्याजाची फाइल मंजुरीसाठी वरिष्ठ कार्यालयाला पाठवलीये असं ॲफिडेव्हिट आलं.

आणि २०२३ मध्ये ते दुसरं पत्र आलं, चार वर्षांच्या सेवेबद्दलचं. दोन ओळी. 'आपले निवेदन विचारात घेण्यात आले. नियमानुसार खंडित कालावधी क्षमापित करता येत नसल्याने अमान्य करण्यात येत आहे.' कुठला नियम ते नाही, खंड किती दिवसांचा ते नाही, कागद बघितले का ते नाही.

आता मार्च २०१९ ची ती दोन वाक्यं आठवा. कोर्टाने म्हटलं होतं 'निर्णय घ्या'. त्यांनी घेतला. चूक असेल, पण घेतला. १९९६ चा सुप्रीम कोर्टाचा जे. एस. परिहार निकाल आहे, त्यात ठरलंय की आदेशाप्रमाणे एकदा काही निर्णय झाला की तो बरोबर की चूक हे अवमानाच्या कोर्टाने तपासायचं नाही, ते नवीन कारण झालं, त्यासाठी नवीन केस करा. वकिलांनी हे मला कँटीनमध्ये समजावून सांगितलं आणि मी त्यांना विचारलं की मग आम्ही जी पाच वर्षं घातली ती कशाची होती. ते काही बोलले नाहीत. चांगले आहेत ते, फी पण कमी घेतात, त्यांना तरी काय बोलता येणार होतं.

फेब्रुवारी २०२४ मध्ये सरकारी वकिलांनी उभं राहून सांगितलं की व्याज सहा आठवड्यांत देतो, कोर्टाने ते स्टेटमेंट लिहून घेतलं, बाकी विषयासाठी योग्य ती दाद मागण्याची मुभा ठेवली, आणि याचिका निकाली काढली. डिस्पोज्ड ऑफ. वेबसाइटवर हिरव्या अक्षरात येतं. बाबांनी विचारलं म्हणजे आपण जिंकलो का गं, आणि मला उत्तर देता आलं नाही.

सहा आठवडे झाले, व्याज आलं नाही. दुसरी अवमान याचिका, या वेळेला कोर्टात दिलेला शब्द मोडल्याबद्दल. नोटीस निघाल्यावर जानेवारी २०२५ मध्ये व्याज आलं, १ लाख ६२ हजारांच्या आसपास. सेवेच्या चार वर्षांसाठी नवीन रिट २०२४ मध्येच टाकलीये, ती चालू आहे. बाबा ६९ वर्षांचे आहेत.

मला जे म्हणायचंय ते इथून सुरू होतं. पेन्शनच्या केसमध्ये उशीर हीच ऑफिसची सगळ्यात मोठी ताकद आहे, आणि ती कुणी मुद्दाम वापरत नसलं तरी ती चालतेच, कारण समोरचा माणूस दरवर्षी म्हातारा होतोय. जमिनीच्या केसमध्ये जमीन तिथेच असते. इथे माणूसच राहत नाही. त्यामुळे बाकीच्या अवमानाच्या केसेसना जी पद्धत लावता तीच पेन्शनला लावली तर ती न्याय्य दिसते पण नसते.

आणि हे कोर्टाला कळत नाही असं अजिबात नाही. वन रँक वन पेन्शनची (ओआरओपी, म्हणजे सारखा हुद्दा आणि सारखी सेवा असलेल्या फौजींना सारखी पेन्शन) गोष्ट आठवा. आमच्या आत्याचे मिस्टर फौजेत होते, साताऱ्याकडचे, त्या भागात घरटी एक माणूस सैन्यात असलेली गावं आहेत, त्यामुळे तो विषय आमच्या घरात वर्षभर जेवताना असायचा. १६ मार्च २०२२ ला सुप्रीम कोर्टाने निकाल दिला, ओआरओपीची पद्धत कायम ठेवली पण १ जुलै २०१९ पासून फेरनिश्चिती करून थकबाकी तीन महिन्यांत द्यायला सांगितलं. मुदतवाढीवर मुदतवाढ झाली. मग २० जानेवारी २०२३ ला संरक्षण मंत्रालयाने आपलं आपणच पत्रक काढलं की थकबाकी चार हप्त्यांत देऊ. कोर्ट भडकलं. आम्ही दिलेली मुदत तुम्ही परस्पर कशी बदलता, पत्रक मागे घ्या नाहीतर अवमानाची नोटीस काढू, इथपर्यंत गोष्ट गेली. सरकारने बंद लिफाफ्यात टिपण दिलं ते सरन्यायाधीशांनी घेतलं नाही. आणि २० मार्च २०२३ ला जी ऑर्डर झाली ती मी प्रिंट काढून ठेवलीये. कुटुंब निवृत्तिवेतनवाले आणि शौर्यपदक विजेते यांना ३० एप्रिल २०२३ पर्यंत, ७० वर्षांवरच्यांना ३० जून २०२३ पर्यंत, उरलेल्यांना ३० ऑगस्ट, ३० नोव्हेंबर आणि २८ फेब्रुवारी २०२४ अशा तीन समान हप्त्यांत.

बघा काय केलंय. पैसे एकदम नाहीत हे सरकारचं म्हणणं मान्य केलंय. पण कुणाला आधी हे वयाने ठरवलं, विधवांना सगळ्यात आधी ठेवलं, आणि प्रत्येकापुढे कॅलेंडरची तारीख लिहिली. आठवडे नाही, 'शक्य तितक्या लवकर' नाही, तारीख. आत्याचे मिस्टर तेव्हा ७३ चे होते, त्यांनी भिंतीवरच्या कॅलेंडरवर ३० जूनला गोल केला होता. पैसे आले त्यांचे. हेच जर एका तालुक्याच्या शिक्षकाच्या, एसटीच्या कंडक्टरच्या, ग्रामपंचायतीच्या शिपायाच्या ऑर्डरमध्ये लिहिलं तर ऑफिसला पळवाट कमी राहते. अमुक तारखेपर्यंत अमुक रक्कम, नाही दिली तर त्या दिवसापासून व्याजाचा दर इतका, आणि ते व्याज जबाबदार माणसाकडून वसूल करायची मुभा. व्याजाचं नवीन काही नाहीये, आपल्या महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मध्ये १२९-अ आणि १२९-ब याचसाठी आहेत, आणि १९८४ मध्येच केरळच्या पद्मनाभन नायर केसमध्ये सुप्रीम कोर्टाने सांगून ठेवलंय की ग्रॅच्युइटी-पेन्शन ही काही सरकारची बक्षिसी नाही, दिरंगाई केली तर बाजारभावाने व्याज द्या.

बक्षिसी नाही हे वाक्य आलं की बाबांना नकारा केस आठवते. डी. एस. नकारा, निकाल १७ डिसेंबर १९८२, म्हणून तो दिवस पेन्शनर्स डे. त्या घटनापीठावर सरन्यायाधीश होते आपले पुण्याचे यशवंतराव चंद्रचूड, आणि ओआरओपीच्या तारखा ठरवणाऱ्या बेंचवर त्यांचा मुलगा सरन्यायाधीश. बाबांना या गोष्टीचं फार कौतुक आहे. पेन्शनर संघटनेच्या मेळाव्यात दरवर्षी सांगतात.

पंजाबचं प्रकरण वाचलं तेव्हा मात्र मी सुन्न झाले. तिथल्या अनुदानित खाजगी कॉलेजांमधल्या कर्मचाऱ्यांसाठी १९९६ मध्ये पेन्शन योजना जाहीर झाली. लागू झालीच नाही. हायकोर्टात सरकारने वेळोवेळी आश्वासनं दिली की करतो. शेवटी २०१२ मध्ये कायदा करून योजनाच रद्द केली. आणि मार्च २०२५ मध्ये सुप्रीम कोर्टात न्यायमूर्ती अभय ओक आणि उज्ज्वल भुयान यांच्यासमोर ते आलं तेव्हा कोर्टाने मुख्य सचिवांनाच अवमानाची नोटीस काढली, की कोर्टात दिलेला शब्द म्हणजे काय असतो. १९९६ ला जो प्राध्यापक रिटायर व्हायला आला होता तो २०२५ ला कुठे असेल हे हिशोब करून बघा. मी गणिताच्या मास्तरची मुलगी आहे, मी केला.

याच्या उलट बाजूचंही सांगायला पाहिजे. ३ जानेवारी २०२४ ला सुप्रीम कोर्टाने अलाहाबादच्या एका प्रकरणात सरकारी अधिकाऱ्यांना कोर्टात बोलावण्याबद्दल नियमावली घालून दिली. ते प्रकरण निवृत्त न्यायाधीशांच्या निवृत्तीनंतरच्या सुविधांचं होतं, हायकोर्टाने एप्रिल २०२३ मध्ये अर्थ खात्याच्या वरिष्ठ अधिकाऱ्यांना थेट ताब्यात घ्यायला लावलं होतं. सुप्रीम कोर्ट म्हणालं हे बरोबर नाही. ऊठसूट बोलावू नका, बोलवायचंच तर आधी व्हिडिओ कॉन्फरन्सचा पर्याय द्या, त्यांच्या कपड्यांवर, शिक्षणावर शेरे मारू नका, आदेश पाळायला वाजवी वेळ द्या. मला हे सगळं पटतं. अधिकारी पण माणूस आहे आणि त्याच्या टेबलावर अशा चाळीस फाइली आहेत, मी त्या टेबलासमोर उभी राहिलेली आहे, मला दिसल्यात. पण मग व्हिडिओची सोय त्या बाकावरच्या माणसालाही सहज मिळायला हवी ना, लिंक मागायला वेगळा अर्ज करायला लागू नये. वाजवी वेळ अधिकाऱ्याला मोजता तसा ६९ वर्षांच्या माणसाचा पण मोजा. कोल्हापूरला १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय, कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांतल्या म्हाताऱ्या माणसांचा मुंबईचा प्रवास वाचला, हे किती मोठं काम झालंय ते रात्रभर गाडीत बसून कोर्टात गेलेल्यालाच कळेल. पण अंतर कमी झालं तरी 'दोन आठवडे द्या' कमी व्हायला ऑर्डरच बदलायला लागणार.

म्हणून मला जे फोन करतात त्यांना मी हेच सांगते की अवमानाची लढाई अवमानाच्या केसमध्ये जिंकायची नसते, ती मूळ ऑर्डरच्या दिवशी जिंकायची असते. निकाल लागताना वकिलांना सांगा की साहेब, 'निवेदनावर निर्णय घ्या' एवढ्यावर समाधान मानू नका, सगळे कागद रेकॉर्डवर असतील तर कोर्टालाच ठरवायला सांगा, आणि अगदीच निवेदनावर पाठवणार असतील तर कारणं देऊन आणि अमुक कागद बघून निर्णय घ्या एवढं तरी लिहून घ्या. रक्कम आकड्यात. मुदत तारखेत. आम्ही यातलं एकही केलं नव्हतं, आम्ही आनंदात होतो, शिरा खात होतो. आणि सरकारी वकील स्टेटमेंट करत असतील तर विचारा की कुणाच्या सांगण्यावरून, ते नाव ऑर्डरमध्ये येऊ दे, नुसतं स्टेटमेंट नको, अधिकाऱ्याचं लेखी अंडरटेकिंग, म्हणजे कोर्टाला दिलेली हमी. वय लिहा, प्रत्येक अर्जात वय लिहा, आजारपण असेल तर कागद लावा आणि लवकर सुनावणी मागा. मागितल्याशिवाय कुणाला दिसत नाही. आणि देव न करो पण मध्येच काही झालं तर वारसांची नावं लावायला उशीर करू नका, घरात माणूस गेलेला असताना हे सुचत नाही पण तेवढं एकाने लक्षात ठेवायचं.

मागच्या रविवारी मी घरी गेले होते तर बाबांच्या शाळेतल्या एका सरांच्या मिसेस आल्या होत्या. सर दोन वर्षांपूर्वी गेले. कुटुंब निवृत्तिवेतनाची केस होती, निकाल त्यांच्या बाजूने लागलाय, आठ आठवड्यांची मुदत, ती संपून तीन महिने झालेत. काकू म्हणाल्या ऑफिसातले लोक फार चांगले आहेत हो सर, बसायला खुर्ची देतात, चहा विचारतात, म्हणाले होईल तुमचं. बाबा काही बोलले नाहीत. आत गेले, चष्मा आणि पेन्सिल घेऊन आले, काकूंच्या फाइलवरच्या कव्हरवर आधी आठ आठवडे संपल्याची तारीख लिहिली, तिच्याखाली बरोबर एक वर्षानंतरची, आणि दुसरीभोवती गोल केला. मग मला म्हणाले, वकील साहेबांना फोन लाव बरं, आज रविवार आहे, घरी असतील.